जुबैलमधला वन्स मोअर

सौदीत जुबैलला आमच्या कॅम्पात सेफ्टी शिकवायला एक ऑस्ट्रेलियन साहेब होता. मूळचा नट. तिकडे टीव्हीवर वर्षानुवर्षं डॉक्टर झाला, सिनेमे केले, नाटकं केली. मग कामं आटली आणि इथे येऊन आम्हा वेल्डर-फिटरांना हेल्मेट कसं घालायचं ते दाखवू लागला. पगार आमच्या कितीतरी पट, पण पासपोर्ट आमच्यासारखाच कंपनीच्या कपाटात.

एकदा त्याला त्याच्या शहरातून नाटकासाठी बोलावणं आलं. भूमिका मोठी. एक्झिट व्हिसासाठी, म्हणजे देश सोडायच्या परवानगीसाठी, तो रोज ऑफिसात जायचा आणि ‘बुकरा’, म्हणजे उद्या, ऐकून परत यायचा. त्याच मेल्या ‘बुकरा’ने मला आईचं शेवटचं तोंडही बघू दिलं नव्हतं. मी त्याला सांगणार काय, कपाळ!

नाटक दुसऱ्याला घेऊन सुरू झालं. त्या शुक्रवारी दुपारी जेवणं उरकल्यावर हा मेसमध्ये उभा राहिला आणि त्याने शेवटचा प्रवेश एकट्याने करून दाखवला. इंग्रजी फारसं कळलं नाही. पण घरी परतलेला माणूस दार ठोठावतोय आणि आतून कुणी उघडत नाही, एवढं कळलं. आम्ही सगळे कोकणातले, नाटकवेडे. प्रवेश रंगला की ओरडायची सवय. राहवलं नाही, ओरडलो, “वन्स मोअर!”

तो दोन पावलं मागे गेला आणि पुन्हा दार ठोठावू लागला.