दिवे घाटात थांबलेली गुणगुण

सासवडला जायचं ठरलं ते आमच्या सोसायटीच्या सेक्रेटरींमुळे. गच्चीवरच्या मधमाश्या दोन दिवसांत हलवा, नाहीतर औषध फवारायला माणूस बोलावतो, असा निरोप आला. आजवर बऱ्याच जणांना डंख झाले, पण यावेळी डंख त्यांच्या नाकाला होता, म्हणून प्रश्न सार्वजनिक झाला.

माश्या आमच्या यांच्या. हे निवृत्त जीवशास्त्र शिक्षक. शनिवार पेठेतल्या गच्चीवर सातेरी जातीच्या माश्यांची लाकडी पेटी ठेवून तीन वर्षं झाली. माझा वाढदिवस विसरतील, पेटीची सकाळची भेट नाही. सासवडला नणंदेची, शैलाची डाळिंबाची बाग आहे. तिथे पेटी न्यायची, एवढाच बेत.

खरं तर उजाडायच्या आत निघायचं असतं, सगळ्या माश्या आत असताना. पण भावाने गाडी आणून दिली नऊ वाजता. तोवर कितीतरी माश्या कामावर गेल्या होत्या. "राहिलेल्या दुसरं घर बघतील," हे म्हणाले. पेटीच्या दाराला कापडाचा बोळा लावला, धक्के बसू नयेत म्हणून वरून गोधडी गुंडाळली आणि पेटी मांडीवर घेऊन बसले. गाडी मी चालवत होते.

रस्ता सरळ आहे: स्वारगेट, हडपसर, दिवे घाट, सासवड. एप्रिलात जाणार असाल तर लवकर निघा, हडपसरला हमखास अडकायला होतं. तिथे आम्ही मिसळ खाल्ली, आळीपाळीने, पेटीपाशी एकजण हवा म्हणून. मिसळ ठीक, तर्री उगाच लाल. पेटीतली गुणगुण चांगलीच वाढली होती. "खुशीत आहेत," हे म्हणाले. काचा बंद, कारण वाऱ्याने बिथरतील. एसी बंद, कारण गारठतील. मी घामाने निथळत होते.

घाटात ट्रकच्या मागे रांगताना यांचा तास सुरू झाला.

"पेटी तापली की काही जणी पाणी आणून आत शिंपडतात, बाकीच्या दाराशी उभ्या राहून पंखांनी वारा घालतात. निवली की थांबतात. गार पडली तर एकमेकींना बिलगून थरथरतात, ऊब तयार करतात. हुकूम कोणी देत नाही. तुला आत्ता घाम येतोय, तो काय तू ठरवून आणलास? अंग तापलं की येतो, निवलं की थांबतो."

"मग आत्ता वारा कुठून घालताहेत?" मी सहज विचारलं.

"पंख हलवत असतील ना. त्याने आत आणखी तापेल, मग आणखी जोरात हलवतील, मग..." यांनी गोधडीवर तळहात टेकवला. "गाडी थांबव."

तेव्हा माझ्या लक्षात आलं, गुणगुण येत नव्हती.

गोधडी बाहेरूनही गरम लागत होती. पेटीखालून मध गळून यांची पँट चिकट झाली होती. घाटातल्या एका वळणापाशी झाकण उघडलं आणि मी हादरले. पोळी मऊ होऊन कोसळली होती आणि मधात माश्यांचा ओला काळा लगदा झाला होता. ओंजळभर जिवंत होत्या, पण एकही उडून गेली नाही. मेलेल्यांवर उभ्या राहून त्या पंख हलवत होत्या. मला ते बघवेना.

सासवडला शैलाने पेटी आंब्याच्या सावलीत ठेवली, पाणी शिंपडलं, काडीने लगदा बाजूला करत राहिली.

"दादा, राणी गेली रे," ती शेवटी म्हणाली.

राणी गेली म्हणजे उरलेल्याही फार दिवसांच्या नाहीत, हे सांगायची तिला गरज पडली नाही. तिने पिठलं-भाकरी केली होती. यांनी ताटाला हात लावला नाही. संगमेश्वराचं देऊळ फार सुंदर आहे म्हणतात, तुम्ही जरूर बघा. आम्ही तसेच परत फिरलो.

घरी पोचलो तेव्हा ऊन उतरलं होतं. हे चप्पल न काढता थेट गच्चीवर गेले. बराच वेळ खाली येईनात, म्हणून मी गेले.

पेटी ठेवायच्या रिकाम्या स्टुलावर मूठभर माश्या गोळा होऊन बसल्या होत्या. आणखी येतच होत्या. पेटीच्या दाराच्या उंचीवर, नेमक्या त्या जागी हवेत थांबायच्या, दार शोधायच्या, मग खाली उतरायच्या.

"सकाळी बाहेर गेलेल्या," हे म्हणाले. "या उन्हात पाणी आणायलाच गेल्या असणार."