बांधावर ठेवलेलं नाव

माझं नाव माझ्या वडिलांनी ठेवलं. मी जन्मले तेव्हा पूर्वेला नुकतं उजाडत होतं, म्हणून त्यांनी पहाटेच्या अर्थाचं नाव निवडलं. मुरबाडच्या आमच्या गावात तेव्हा असलं नाव कुणाचं नव्हतं. शेजारच्या बायकांना ते उच्चारता यायचं नाही, पण वडील हटले नाहीत. ते मला कधी लाडाच्या नावानं हाक मारत नसत. पूर्ण नाव, सगळी अक्षरं, अंगणाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत ऐकू जाईल असं.

लग्न ठरलं ते शहापूर तालुक्यात, उंबरमाळीच्या बाजूला. आडनाव बदलणार याचं मला काही वाटलं नव्हतं. आमच्याकडची बरीचशी आडनावं गावांवरूनच पडली आहेत. गाव बदललं की आडनाव बदलेल, इतकं ते सरळ होतं. पण लग्नाच्या आदल्या दिवशी कानावर आलं की सासरी सुनेचं नावही बदलतात. नवऱ्याच्या आत्यानं ते ठरवूनही ठेवलं होतं, तिच्या भाच्याच्या नावाला जुळेल असं. वडिलांना मी हे सांगितलं नाही. ते आधीच मांडवात उगाच इकडून तिकडे फिरत होते.

वरात घरी पोचली. पाटावर तांदळाचं ताट ठेवलं आणि नवऱ्यानं बोटातली अंगठी काढली. आत्या म्हणाली, "लिव रे, मी सांगते ते."

तेवढ्यात सासूबाई पुढे आल्या. थोरल्या नणंदेसमोर त्या कधी मोठ्यानं बोलत नसत, हे मला पुढे कळलं. त्या म्हणाल्या, "ऱ्हाऊ द्या वन्सं. पोरीच्या बापानं ठेवलेलं नाव चांगलं हाय."

"अगो, रीत हाय ती."

"रीत म्हायती हाय मला. माज्यावरून गेलीय ती."

"मग तुजं काय वाईट झालं?"

"वाईट नाय झालं," सासूबाई म्हणाल्या. "पण माज्या नावानं मला हाक मारणारं आता कुणी नाय."

आत्या रागावली असेल असं मला वाटलं, पण ती पदर सावरत खाली बसली आणि ताटाकडे बघत राहिली. तिचंही नाव कधीतरी असंच तांदळात लिहिलं गेलं असणार. नवरा माझ्याकडे वाकून हळूच म्हणाला, "दुसरं अक्षर ऱ्हस्व की दीर्घ?" आमच्या संसारातलं त्याचं हे पहिलं वाक्य. मी सांगितलं. त्यानं माझं नाव तांदळात नीट लिहिलं.

सासूबाईंचं मूळ नाव विचारायला मला बरेच दिवस धीर झाला नाही. मग एकदा आम्ही दोघीच चुलीपुढे होतो, त्या भाकऱ्या थापत होत्या, तेव्हा विचारलं, "आई, तुमचं माहेरचं नाव काय?"

त्यांनी आधी पडवीकडे पाहिलं. मामंजी तिथं नव्हते. मग म्हणाल्या, "आवणी."

आमच्याकडे भाताच्या लावणीला आवणी म्हणतात. त्यांची आई दिवस भरलेले असताना चिखलात उतरली होती. रोपं लावता लावता कळा सुरू झाल्या आणि शेताच्या बांधावरच ही मुलगी झाली. त्यांच्या वडिलांनी तिचं नाव आवणी ठेवलं, असं त्या लहानपणापासून ऐकत आल्या होत्या.

"लग्नात सासरच्या बायका हसल्या गो," त्या म्हणाल्या. "कामाचं नाव माणसाला ठेवतात का, म्हणाल्या. मग देवीचं नाव दिलं. देवीचं नाव मोठं, त्याला काय बोलायचं? पण सुरवातीला कुणी हाक मारली तरी मी वळायचीच नाय. मला वाटायचं, दुसऱ्या कुणाला बोलावतात. मग सासू म्हणायची, पोर मुजोर हाय."

मी शहापूरला शाळेत शिकवते. माझ्या वर्गात हल्ली अवनी नावाच्या मुली दरवर्षी असतात. अवनी म्हणजे पृथ्वी, हे मी घरी येऊन सासूबाईंना सांगितलं. वाटलं, त्यांना आवडेल. त्या खळखळून हसल्या. "पृथ्वी कुठली? मी चिखलातली!"

त्यांचं माहेर धसईच्या वरच्या अंगाला, डोंगराजवळ. आईबाप गेले, भाऊही गेले. भाचे प्रेमानं बोलावतात, पण त्यांच्यासाठी त्या आत्या. मागच्या हिवाळ्यात एका भाच्याचा फोन आला. बोलता बोलता तो म्हणाला की खालच्या बौद्धवाडीतली एक म्हातारी आत्याची नेहमी चौकशी करते. लहानपणी दोघी बरोबर शेरडं चारायच्या म्हणे. ती आता धसईला मुलाकडे असते. हे ऐकल्यावर सासूबाईंनी हातातलं सूप खाली ठेवलं. "ती हाय अजून?"

रविवारी मी त्यांना घेऊन गेले. शहापूरहून मुरबाड, मुरबाडहून धसई. बसमध्ये त्यांनी दोनदा डोक्यावरचा पदर नीट केला.

म्हातारी अंगणात उन्हाला बसून वाल निवडत होती. दिसत तिला फारच कमी होतं, सगळं काम बोटांनीच चाललं होतं. पावलं ऐकून तिनं विचारलं, "कोण हाय?"

मी सांगणार होते, पण सासूबाईंनी माझा हात दाबला. म्हणाल्या, "मी."

म्हातारीची बोटं थांबली. मान एका बाजूला कलली.

"आवणे?"

"ओ!" सासूबाई म्हणाल्या. किती पटकन. शाळेत हजेरी घेताना एखादं पोर म्हणतं ना, तसं.

"मेले, कुठं व्हतीस एवढी वर्सं?" म्हातारीनं हात पुढे केले. सासूबाई तिच्यासमोर मातीतच बसल्या. वालाची टोपली कलंडली, सांडलेले वाल मी गोळा केले. दोघी रडल्या, मग हसल्या, मग कुठल्या तरी शेरडाबद्दल भांडल्या.

चहा झाल्यावर म्हातारी म्हणाली, "तुजं नाव माज्या आयनं ठेवलेलं, म्हायती हाय ना तुला?"

सासूबाईंना माहीत नव्हतं.

सासूबाई जन्मल्या त्या दिवशी या म्हातारीची आई त्याच शेतात मजुरीला होती. बांधावर तिनंच बाळंतपण केलं, नाळ कापली, पोरीला स्वतःच्या लुगड्यात गुंडाळलं आणि म्हणाली, ही आवणी. बाकीच्या बायकांनीही तेच नाव उचललं.

"पण बा तर सांगायचा, मी ठेवलं म्हणून," सासूबाई म्हणाल्या.

"सांगणारच. आमच्या वाडीतल्या बाईनं ठेवलं, असं तुमच्या गावात त्या टायमाला कोण सांगल? माज्या आयला काय वाटलं नाय त्याचं. तू वाडीवर आलीस की म्हणायची, बघ, माजी आवणी आली."

सासूबाईंनी विचारलं, "तुज्या आयचा फोटो हाय काय?"

आतल्या खोलीत, बुद्धाच्या तसबिरीशेजारी एक जुना, पिवळा पडलेला फोटो होता. सासूबाईंनी त्यापुढे वाकून हात जोडले. बराच वेळ त्या तशाच उभ्या होत्या. मी बाहेर आले.

निघताना मी म्हातारीच्या मुलाकडून नंबर घेतला. आता दर आठ-दहा दिवसांनी फोन येतो. सासूबाईंना कमी ऐकू येतं म्हणून मी स्पीकर लावून देते. पहिल्यांदा फोन आला तेव्हा मामंजी पडवीत बसले होते. फोनमधून आवाज आला, "आवणे, जेवलीस काय गो?"

बोलणं संपल्यावर मामंजी आत आले. त्यांनी बायकोला आयुष्यभर 'अगो, ऐकलंस का' एवढीच हाक मारली होती. जुनं नावही नाही आणि देवीचंही नाही.

"आवणी कोण?" त्यांनी विचारलं.

"मी," सासूबाई म्हणाल्या.

"मला तर कुणी सांगितलंच नाय. ताईनं सांगितलं, ते मी तांदळात लिवलं."

"तुमी विचारलं कुठं?"

ते उंबऱ्यावरच बसले. "बरं, आता सांग," म्हणाले. सासूबाईंनी त्यांना बांध सांगितला, पाऊस सांगितला, चिखलात उतरलेली आई सांगितली, आणि मग आपल्या मैत्रिणीची आई सांगितली, तिच्या लुगड्यासकट.