भाऊचा डावा कान

करीमभाई सकाळी सकाळी मालेगावला आमच्या दारात उभे राहिले. मी "या" म्हटलं. ते आत आले आणि सवयीनं माझ्या उजव्या हाताला येऊन बसले. उभा जन्म भाऊच्या संगतीत काढलेला माणूस, कोणाकडेही गेला तरी उजवी बाजूच धरतो. पाणी दिलं तर हातात घेतलं, प्यायले नाहीत. मग म्हणाले, "बाई, नेमू गेला. पहाटे गेला. मोटर उभी हाय, चाला." मी स्वैपाकघरात जाऊन चूल विझवली, तेवढंच मला आठवतं. मालेगावहून कारंजाला पोहोचेपर्यंत सगळं आटोपलं होतं. आम्हा जैनांत देह फार वेळ ठेवत नाहीत, त्याबद्दल कोणाला बोल लावत नाही. पण भावाचं तोंड पाहायला मिळालं नाही, आणि त्याला आता काही आठवडे झाले तरी माझा राग काही उतरलेला नाही. खरं सांगायचं तर हा राग त्या दिवसाचा नाही, फार जुना आहे. भाऊ गेल्यावर त्याला आवरणारं कोणी उरलं नाही, म्हणून तो आता बाहेर आला आहे.

आमचे बाबा कारंजात अडतीचं दुकान चालवत. घर धर्माचं. पाणी फडक्यातून गाळल्याशिवाय कोणी ओठाला लावत नसे. दिवेलागणीनंतर घरात घास खाल्ला जात नसे, दिव्यावर चिलट येऊन मरेल म्हणून दिव्याला जाळी होती. मुंगीला वाट करून देणारं घर. आणि त्याच घरातून भाऊ रोज सकाळी पाटी घेऊन शाळेत जाई आणि गाल सुजवून परत येई. मास्तर रस्त्यात भेटले की बाबा हात जोडून म्हणत, "तुमी मारा मास्तर, आमाले काई म्हणणं नाई. पण पोरगं शिकलं पाह्यजे." चिलटाची काळजी होती, पोराची नव्हती. हे वाक्य मी बाबांच्या हयातीत बोलले असते तर घराबाहेर काढलं असतं मला. आज लिहिते आहे.

त्या शाळेत एक पद्धत होती. तुमच्यापैकी पुष्कळांनी पाहिली असेल, सोसली असेल, आणि हसत हसत नातवंडांना सांगितलीही असेल. पोरं ओळीनं बसत. मास्तर प्रश्न विचारत. ज्याला आलं नाही त्यानं उभं राहायचं, मग पुढचा, मग त्याच्या पुढचा. ज्याला उत्तर आलं त्यानं उभ्या असलेल्या प्रत्येकासमोर जायचं, डाव्या हातानं त्याचं नाक धरायचं आणि उजव्या हातानं थोबाडीत मारायची. मग वरच्या जागेवर जाऊन बसायचं. मास्तरांना स्वतःचा हातसुद्धा दुखवून घ्यावा लागत नसे. दिवसभर पोरंच पोरांना मारत, आणि याला शाळा म्हणत. त्या मास्तरांचं नाव मी इथे लिहिणार नाही. ते निवृत्त झाले तेव्हा गावानं शाल देऊन, हार घालून त्यांचं नाव पुरेसं घेतलं आहे.

भाऊला पहिल्यांदा उत्तर आलं तेव्हा समोर करीम उभा होता. रंगाऱ्याचा पोरगा, भाऊचा जिवलग. भाऊनं त्याचं नाक धरलं आणि माशी हाकलावी तशी गालाला बोटं लावली. मास्तर उठले. "हे थापड हाय का गोंजारून राह्यला तू? पाय, थापड अशी असते," म्हणत त्यांनी भाऊलाच दाखवली. वर्ग हसला. दुसऱ्या दिवशी तेच, तिसऱ्या दिवशीही तेच. त्यानंतर भाऊनं उत्तर द्यायचंच सोडून दिलं. प्रश्न आला की उभा राही, खाली मान घालून, आणि ज्याला येई त्याची थापड घेई. होता होता ओळीच्या अगदी शेवटी जाऊन बसला. मास्तरांनी बाबांना सांगितलं, पोरगं मठ्ठ आहे. बाबांनी ते आईला सांगितलं, आईनं शेजारी सांगितलं, आणि आमचा भाऊ सगळ्या आळीत मठ्ठ ठरला.

मी त्याच्याहून दोन वर्षांनी लहान. मुलगी म्हणून मला शाळा नव्हती. पण मला पावकी, निमकी, दिडकी, औटकी सगळे पाढे तोंडपाठ होते, कारण ते मला त्या मठ्ठ पोरानं शिकवलं होतं! परसात आम्ही दोघं राखेवर बोटानं आकडे काढत बसायचो. मी चुकले की तो नुसता "हूं" म्हणायचा, आणि मी पुन्हा म्हणायची. आज हे जे लिहिते आहे ते अक्षरही त्याचंच. एकदा मी चिडून विचारलं, "तुले येवढं येते, तं शाळेत सांगत काहून नाई?"

"सांगितलं का मारा लागते," तो म्हणाला.

"मंग मार ना. सगळेच मारतेत."

"म्या मार खाल्ला तं घरी येईस्तोवर गाल बरा होते. करीमले मारलं तं तो उद्या माह्या संगं बोरं खायले येईन का?"

इतकं साधं होतं ते. यात कुठलं तत्त्वज्ञान नव्हतं, धर्म नव्हता. मित्र होता आणि बोरं होती... आणि अकोला होतं. हे फक्त मला ठाऊक होतं. अकोल्याच्या इंग्रजी शाळेत जायचं त्याच्या मनात होतं. तिथे म्हणे प्रत्येक पोराला वेगळं बसायला बाक असतो, ओळीत वरखाली करत नाहीत. राखेत तो कधी कधी आकड्यांऐवजी आगगाडी काढायचा. मी विचारलं की पुसून टाकायचा.

मग शाळा तपासायला डिप्टीसाहेब आले. पुढचं सगळं मला करीमभाईंनी त्या दिवशी मोटारीत सांगितलं. इतकी वर्षं त्यांनी तोंड उघडलं नव्हतं, आणि भाऊनं तर घरी एवढंच सांगितलं होतं की मास्तरांनी मारलं. साहेब येणार म्हणून शाळा सारवली होती, छडी कपाटात ठेवली होती, आणि मास्तरांनी पोरांना बजावलं होतं, "आज कोणी कोणाले हात लावायचा नाई." भाऊनं ते शब्दशः घेतलं. आज मारायचं नाही ना, मग आज बोलायला हरकत नाही. साहेबांनी विचारलेल्या प्रत्येक प्रश्नाला ओळीच्या शेवटून उत्तर येऊ लागलं. साहेब उठून त्याच्यापाशी गेले, पाठीवर हात ठेवला. "हा मुलगा इथे शेवटी का बसलाय, मास्तर? याला अकोल्याला पाठवा. मी शिफारस करीन." करीमभाई म्हणाले, "बाई, नेमू असा हसला, असा हसला... तसा मंग कदी हसला नाई."

साहेबांची बैलांची दमणी वळणाआड गेली आणि मास्तरांनी दार लावलं.

"मास्तर म्हने, येवढं येते अन् सालभर मले उल्लू बनवून राह्यला?" करीमभाई सांगत होते. मोटारीच्या आवाजात मला वाकून ऐकावं लागत होतं. "म्हने, आता कायद्यानं वर चढ. शेवटापासून एकेकाले हान अन् पयल्या नंबरवर जाऊन बस. नेमून दोनी हात पाठीमांगं धरले. म्हने, मी नाई मारत. मास्तर म्हने, मंग तू खाय. अन् सगळी ओळ उभी केली. पयले पोट्टे हसून राह्यले होते. मंग हसू बंद झालं. कोणी हळू मारली तं मास्तर छडी घेऊन मांगं उभाच होता. मंग माहा नंबर आला..."

त्यांनी उजवा तळहात मांडीवर उलटा करून ठेवला.

"म्या बी मारली, बाई. नेमून माह्याकडं पाह्यलं अन् डोये मिटून घेतले. मले सोपं जावं म्हनून मिटले त्यानं. माह्यानंतर अजून पोट्टे होते. कोणाच्या थापडीनं रगत आलं, अल्ला जाने. पण म्या बी मारली."

मी त्यांच्या हातावर हात ठेवला. दहा-अकरा वर्षांचं पोर, मागे छडी. त्यांच्यावर मी रागावले नाही आणि रागावणार नाही. माझा राग दार लावणाऱ्यावर आहे. आणि नारळ नेणाऱ्यावर आहे. हो, नारळ. भाऊच्या कानातून रक्त आलं, मग पू आला, तापानं अंग फणफणलं, आई कोमट तेल घालत राहिली... आणि आमचे बाबा उपरण्यात नारळ बांधून शाळेत गेले, मास्तरांची माफी मागायला! पोरानं साहेबापुढे मास्तरांना मान खाली घालायला लावली म्हणून. मी दारात उभी होते. तो नारळ उपरण्यात कसा बांधला होता ते मी अजून काढून दाखवीन. ताप उतरला तेव्हा डावा कान गेलेला होता. आईनं एकदा भीत भीत अकोल्याचा विषय काढला. बाबा म्हणाले, "कायले अकोला? दुकानात बसीन. दुकानाले एक कान पुरते." त्या दिवशी भाऊचं शिक्षण संपलं. चोरी करणाऱ्याला तुरुंग होतो. एका पोराचा कान आणि सगळं आयुष्य ज्यांनी दिवसाढवळ्या काढून घेतलं त्यांना शाल मिळाली.

भाऊ दुकानात बसला आणि चांगला बसला. बाबा गेल्यावर अडत त्यानंच सांभाळली. बाजारात त्याच्या शब्दावर गाड्या उतरत. त्यानं कधी कुणावर हात उगारला नाही, पोरांवर नाही, हमालांवर नाही. बैठकीच्या गादीवर तो भिंतीला टेकून बसे आणि येणारा आपोआप उजव्या हाताला बसे. नव्या माणसाला वहिनी खुणेनं सांगत. आणि दर वर्षी शाळा सुरू झाली की तो धुतलेलं धोतर नेसून हेडमास्तरांना भेटायला जाई. हेडमास्तर बदलत, त्याचं म्हणणं बदलत नसे. पोरांकडून पोरांना मारवू नका, एवढंच. ते पान देत, हसत. "नेमीचंदजी, एका थापडीनं कोणी मरते का? तुमी पाहा, तुमी झालेच ना मोठे!" तो पान खाऊन परत येई. मी माहेरी असले तर भडकायची. "तुले राग कसा येत नाई रे भाऊ?" तो शांतपणे म्हणायचा, "रागाचं काम तुह्याकडं. शाळेत जायचं माह्याकडं." ही आमची वाटणी होती. माझ्या वाट्याचं काम मी आज करते आहे.

तेराव्यानंतर त्याच शाळेत शोकसभा झाली. मोठा व्यापारी गेला, सभा व्हायलाच हवी. आताचे हेडमास्तर बोलले. म्हणाले, नेमीचंदजी हे आमच्या शाळेचं भूषण, इथल्या शिस्तीनं घडलेलं व्यक्तिमत्त्व. शिस्तीनं घडलेलं... मी बायकांच्या बाजूला बसले होते. उठले. पदर नीट केला की नाही तेही कळलं नाही. म्हटलं, "शिस्तीनं घडला नाही तो. या शाळेनं त्याचा कान फोडला, अन् त्याचं अकोलं खाल्लं. हे बी सांगा भाषणात." सगळे आपापल्या पायांकडे पाहू लागले. पुढे बसलेले एक शेठ हळूच म्हणाले, भावाच्या दुःखानं बाईच्या डोक्यावर परिणाम झाला. तेवढ्यात मागून करीमभाई उठले. "बाई खरं सांगून राह्यली. मारणाऱ्यायत मी बी होतो," ते म्हणाले, आणि उभेच राहिले. आता कोणीतरी काही बोलेल असं मला वाटलं. हेडमास्तरांनी घसा खाकरला आणि दोन मिनिटं शांतता पाळायला सांगितली. त्या गावाला तेवढं छान जमतं. सगळ्यांनी ती पाळली.

चार दिवसांनी हेडमास्तर घरी आले. वर्गात लावायला भाऊचा फोटो हवा होता. बैठकीत आले आणि नेमके रिकाम्या गादीच्या उजव्या हाताला बसले, सगळे बसतात तसे. वहिनींनी बिचारीनं फोटो पुसून आणला. मी तो त्यांच्या हातातून घेतला आणि हेडमास्तरांना विचारलं, "नाक धरून थोबाडीत मारणं बंद झालं का?" ते हसले. चांगलं मोकळं हसले. "आता पूर्वीसारखं राहिलं नाही हो बाई. आता आम्ही पोरांना हळूच मारायला सांगतो." फोटो मी आत नेऊन कपाटात ठेवला आणि किल्ली कमरेला लावली.

मी अजून कारंजातच आहे. सकाळी बैठक झाडते तेव्हा ती गादी दिसते. उजव्या बाजूचा कापूस इतक्या वर्षांच्या माणसांनी दबून पार चपटा झाला आहे, त्या बाजूसाठी पिंजाऱ्याला दोनदा बोलवावं लागलं होतं. डावी बाजू भरली तेव्हा होती तशीच फुगलेली आहे. तिथे कधी कोणी बसलंच नाही, बसून उपयोग काय होता? काल शाळेतून पुन्हा निरोप आला, हेडमास्तर फोटोसाठी परत येणार आहेत, गावची चार माणसंही सोबत आणणार आहेत समजूत घालायला. येऊ देत. वहिनींना सांगून ठेवलं आहे, चहा करा, पान द्या. आणि बसवा सगळ्यांना डाव्या बाजूला. मग बोला म्हणावं, काय बोलायचं ते.