पाहुण्याची गादी

आमच्या घरी एक पाहुणा आहे. तो माझ्या जन्माआधी आला आणि अजून गेलेला नाही. तिसरीत असताना मी निबंधात हे जसंच्या तसं लिहिलं, तर बाईंनी खाली लाल शाईने शेरा मारला : 'पालकांनी येऊन भेटावे.' बाबांना सुट्टी नव्हती म्हणून भेटायला पाहुणाच गेला.

हा बाबांचा मावसभाऊ. नऊ वर्षांचा असताना त्याची आई आजारी पडून दवाखान्यात गेली, म्हणून आठ दिवसांसाठी तो पत्र्याची पेटी घेऊन आला. त्याची आई घरी परतली नाही. वडील नोकरीसाठी लांब गेले आणि दर पत्रात 'पुढच्या महिन्यात नेतो' असं लिहीत राहिले. पत्रं थांबली, तोवर पोराने घरादाराला लळा लावला होता. शेजारी विचारायचे, "हा कोण?" आजी म्हणायची, "पाहुणा आहे." झालं, तेच नाव पडलं. बाबा 'ए पाहुण्या' म्हणतात, आई 'अहो पाहुणे', मी 'पाहुणाकाका'. खरेखुरे पाहुणे आले की पंचाईत व्हायची. "पाहुण्यांना चहा दे," असं कुणी म्हटलं की पहिला कप हाच उचलायचा.

त्याने लग्न केलं नाही. स्थळं येत, पण "मुलगा राहतो कुठे?" असं विचारलं की हा प्रामाणिकपणे सांगे, "सध्या इथेच." मंडळी चहा संपवून निघत.

धंदा गाद्यांचा. कापूस पिंजायचा, खोळीत भरायचा, दाभणाने टाके घालायचे. गिऱ्हाईक दुकानाची पायरी चढतं, तेवढ्यात त्याची कंबर दुखते की मान, हे याला कळतं. स्वतः मात्र आमच्या बाहेरच्या खोलीत लोखंडी घडीच्या खाटेवर झोपतो. सकाळी सहाला खाट दाराआड. एक्कावन्न वर्षं हे असंच चाललं होतं आणि त्यात काही चुकतंय, हे आम्हा शहाण्यांपैकी एकालाही सुचलं नाही.

मागच्या वर्षी आम्ही नवी जागा घेतली. काका टेप घेऊन आला, खोल्या मोजल्या, भिंतींना नावं ठेवली आणि पंधरा दिवसांनी टेम्पोतून गाद्या उतरवल्या. आईबाबांची, आम्हा नवराबायकोची आणि माझ्या मुलीची.

आईने मोजल्या. "पाहुणे, चौथी कुठाय?"

"चौथी कुणाची?"

"तुमची."

काका टेम्पोचा दोर गुंडाळत राहिला. "मी दुकानामागे खोली घेतलीय, वहिनी. कालच चुना मारला."

बाबा धाडकन वेताच्या मोड्यावर बसले. "का रे? काही बोललं का कुणी?"

"छे. कुणीच काही बोललं नाही, दादा. तेच तर." त्याने दोराला गाठ मारली. "जुन्या घरात होतो तो होतोच. नवीन ठिकाणी कुणी 'ये' म्हटल्याशिवाय कसं यायचं?"

"मला कोण म्हणालं ये म्हणून? हिला कोण म्हणालं?"

"तुमचं घर आहे."

बाबांचा आवाज चढला. "गाढवा, माझ्या ताटातली भाजी पळवताना विचारलं होतंस कधी?" मग चष्मा काढून पुसू लागले. चष्मा स्वच्छच होता.

आमची चूक अशी की, घरच्या माणसाला बोलवायचं नसतं म्हणून आम्ही बोलावलं नाही. त्याची अशी की, नावाला जागून तो आमंत्रणाची वाट बघत बसला. आम्ही त्याला लाडाने पाहुणा म्हणत आलो आणि तो ते अधूनमधून खरं धरत आला.

आई मात्र वाद घालणाऱ्यांतली नाही. अडगळीसाठी ठेवलेल्या खिडकीच्या खोलीचं दार तिने उघडलं. "मोजा."

"वहिनी, तुमची शिलाई मशीन इथे येणार होती."

"मशीनला खिडकी लागत नाही. मोजा म्हणते ना."

त्याने मोजलं. दोनदा मोजलं. एरवी एकदाच मोजतो. "अडीच फुटी बसेल," म्हणाला.

"तीन फुटी कर," बाबा बाहेरून ओरडले, "कूस बदलशील की नाही?"

त्या दिवशी बाबांनी जाहीर केलं की आजपासून पाहुणा हे नाव बंद. मग त्यांनी त्याच्या कागदावरच्या नावाने हाक मारली. काकाने मागे वळून दाराकडे पाहिलं, कोण आलंय म्हणून. माझी मुलगी इतकी हसली की बेत तिथेच रद्द झाला.

दुसऱ्या दिवशी दुकानात गेलो, तर गिऱ्हाइकांना दोन मिनिटांत कापड पसंत करून देणारा हा माणूस खोळीच्या कापडांचा ढीग घेऊन बसलेला. निळी पट्टी, राखाडी, तांबडी चौकडी. तांबडी बाजूला ठेवायचा, पुन्हा उचलायचा.

"काका, नावाचं मनाला लावून घेऊ नकोस," मी म्हणालो.

"नावाचं राहू दे रे," तो तांबडी चौकडी उजेडात धरत म्हणाला. "जाडी चार इंच ठेवू की पाच, ते सांग. वापरायला बरीच वर्षं आहेत."