सरजाअक्काचा शेवटचा भाग

आमची सरजाअक्का नटी हाय, आन् ती साठी उलटल्यावर नटी झाली. खोटं वाटत आसंल तर शिरूर अनंतपाळच्या स्टँडवर कुनालाबी इचारा, मोबाईलमधली खाष्ट सासू कुठं राहती म्हनून. मी पंचशीला, तिची धाकटी जाऊ. आमची भिंतीला भिंत हाय.

जलमभर तिनं लोकांच्या रानात खुरपलं, शाळेचं तोंड बघितलं न्हाई. एकदा नळावर तिनं माझी अशी बिनपान्यानं केली की गल्लीतला धम्मदीप बघतच राहिला. त्यो गावातली मानसं घेऊन मोबाईलवर मालिका करून राहिला हुता. त्यानं तिला सासू केलं. वाचता येत न्हाई, म्हनून त्यो नुसती गोष्ट सांगायचा आन् अक्का आपल्या मनानं बोलायची. कागद पाठ करून आलेल्या सुना तिच्यापुढं गपगार! पार भोकरपस्तोर लोक तिला वळखाया लागले. माझा लई जळफळाट झाला, खोटं कशाला बोलू?

पन तिच्या एकुलत्या लेकाला, आनंदराजला, ते रुचलं न्हाई. त्यो नांदेडला सरकारी हापिसात हाय. "लोक तुझ्या शिव्या लावून हसतेत आई, मी तोंड कुठं लपवू?" म्हनला. अक्काबी काय कमी हाय व्हय! "मी काय चोरी केली का?" म्हनली. झालं! दीड वर्ष लेक आला न्हाई, फोन न्हाई. नवा भाग आला की ती मला इचारायची, "आनंदानं बघितला आसंल का गं?" मला काय ठावं? बघितला आसंल की, म्हनायची मी.

मंग तिच्या गुडघ्यांनी दगा दिला. धम्मदीप म्हनला, सासूला मारून मालिका संपवू. मालिकेतबी तिचं नाव सरजाबाईच. लातूरला बॅनर छापाया टाकला: अक्काचा फोटो, खाली ‘सरजाबाई यांना भावपूर्ण आदरांजली’. आता बॅनरवाल्यांची खोड तुमाला म्हाईत हाय. छापलं की स्टेटसला लावतेत. आन् ह्यो बॅनरवाला आनंदराजच्या वर्गातला निघाला.

शूटिंगला समद्यांचे फोन बंद, ह्यो धम्मदीपचा कायदा. भर दुपारी अक्का अंगनात पांढऱ्या कापडाखाली निजलेली, उशाला मेनबत्ती, आमी बाया गळे काढून रडून राहिलो. तेवढ्यात दारात गाडी थांबली. आनंदराज अनवानी पळत आला आन् अक्काच्या अंगावर पडला.

"आई, माझं चुकलं गं! आई, मी समदे भाग बघितले गं! आई, एकडाव बोल की!"

धम्मदीप कसाबसा "कट, कट!" वरडला. मी आनंदराजचा खांदा धरून हालवला, "आरं लेकरा, जित्ती हाय तुझी माय!" त्याला काय ऐकूच येईना. आन् अक्का हालंना! मीच घाबरले आन् तोंडावरचं कापड ओढलं, तर डोळे मिटलेले आन् दोन्ही कानांकडं पानी वघळून राहिलेलं.

मंग तिनं हात वर केला आन् लेकाच्या पाठीवर ठिवला. त्यो दचकला, तिच्याकडं बघितलं आन् आनखीच रडाया लागला.

सांजच्याला भाकरी थापताना मी तिला धरली. "आगं बये, जीव घेतीस का लोकांचा? कट म्हनल्यालं ऐकू आलं न्हाई व्हय?"

"आलं की," अक्का म्हनली. "पन दीड वर्षानं आई म्हनत हुता गं. आनखी जरा म्हनू दे म्हनलं."