धुतलेल्या बाटल्यांचं बिल

चिंचवडच्या आमच्या आळीत कुणी आजारी पडलं, की शेजारीपाजारी शहाळं, मोसंबी घेऊन जात. नाझरचाचा दाभण आणि दोरा घेऊन जात. माणूस सरकारी नोकर असला, की तब्येत विचारण्याआधी त्याच्या औषधांचे कागद मागत आणि तारखेवार लावून, शिवूनच उठत.

चाचा कोर्टातून नाझर म्हणून निवृत्त झाले होते. लोकांना आजारपणाचा खर्च सरकारकडून परत मिळवून देणं हा त्यांचा उद्योग, तोही फुकट. मी तेव्हा आळीत नवी सून. अक्षर बरं, म्हणून अर्ज लिहायचं काम माझ्याकडे आलं. एकदा मी ‘कृपावंत होऊन’ असं लिहिलं, तर त्यांनी कागद परत दिला. "बेटी, हक्क मागताना हात जोडायचे नसतात. साहेबाला वाटतं, खैरात मागतोय."

ते काय चीज आहेत हे मला कळलं मारुतीमामांच्या बिलात. मामा एका सरकारी कचेरीत शिपाई. नोकरीच्या शेवटच्या महिन्यांत पोटाचं ऑपरेशन झालं आणि बिल पास होण्याआधीच ते निवृत्त झाले. ‘आता तुम्ही नोकरीत नाही’ म्हणून कचेरीनं बिल परत पाठवलं. चाचांनी एकच ओळ लिहवली: ‘आजार नोकरीत असतानाचा आहे, तारखा पाहाव्यात.’ ते मान्य झालं. मग दुसरी हरकत आली: महागड्या औषधांच्या रिकाम्या बाटल्या लेबलासह दाखवा.

इकडे ऑपरेशनसाठी घेतलेल्या कर्जाचा तगादा सुरू होता. मामांनी आकुर्डीच्या एका कारखान्यात वॉचमनची नोकरी धरली. खाकी वर्दीही घरी आली. पण दहा पावलं चालले की ते पोट धरून खाली बसत. एक तारखेपासून हजर व्हायचं होतं.

चाचा आणि मी बाटल्या आणायला गेलो. मामांच्या बायकोनं, गोदामावशींनी, मोठ्या कौतुकानं फडताळ उघडलं. राखेनं घासलेल्या, गरम पाण्यातून काढलेल्या, लखलखीत बाटल्या. एकीत खोबरेल, एकीत मध, एकीत रॉकेल. लेबल एकीवरही नाही.

"दवाखान्यातली घाण तशीच कशी ठिवायची वो, चाचा?"

"बहोत खूब," चाचा म्हणाले. "आता सरकारला खोबरेल पाठवू."

कोपऱ्यावरचा औषधवाला नवी लेबलं द्यायला तयार होता. "चिकटवा की! कोण बघतंय?"

"मी बघतोय ना."

मला राग आला. एवढ्याशा कागदासाठी मामांना मारणार का, असं मी तोंडावर विचारलं. चाचा शांतपणे म्हणाले, "एक लेबल खोटं निघालं, तर पुढच्या शिपायाचं खरं बिल कोण मानेल?"

मग तीन दिवस आम्ही बसनं पुण्याच्या इस्पितळात गेलो. वॉर्डच्या रजिस्टरातून रोजच्या औषधांची नोंद मी उतरवून घेतली, चाचांनी डॉक्टरांची सही आणली. अर्जात सरळ लिहिलं: ‘बाटल्या घरात धुतल्या गेल्या. इस्पितळाची नोंद सोबत आहे.’

कचेरीतला कारकून हसायलाच लागला. "असं कुणी लिहितं का, राव?"

"धुतल्या म्हणून लिहिलं. धुवायची मनाई कुठल्या नियमात आहे, तेवढं दाखवा."

त्यानं नियमांचं पुस्तक काढलं, चाळलं, मिटलं. आम्ही बाकावर बसून राहिलो. कचेरी बंद होता होता मंजुरीचा शेरा पडला.

पुढं चाचा स्वतः अंथरुणाला खिळले. निवृत्तीनंतरच्या आजाराला तेव्हा त्यांना काही मिळण्यासारखं नव्हतं. मी विषय काढला, तर म्हणाले, "नियम नाही, तर अर्ज नाही." त्याच आजारात ते गेले. माझ्यासमोर मात्र ते येतात ते मंजुरीच्या दुसऱ्या दिवशीचे.

मामा वर्दी परत करायला निघाले होते. सोबत द्यायची चिठ्ठी मी लिहिली: ‘प्रकृती ठीक नसल्यामुळे कामावर येता येत नाही.’

चाचांनी ती वाचली. "खरं आहे. पण अर्धंच. खाली लिही: आणि आता गरजही नाही."

मी लिहिलं. मामांनी त्याखाली सही केली. एवढ्या मोठ्या अक्षरात, की कागदाच्या कडेला शेवटची वेलांटी मावली नाही.