माझ्या बाजूला ब्रेक नाही

कानबाईला, आमच्या श्रावणातल्या देवीला, नदीवर पोहोचवून आम्ही साऱ्या बाया ओल्या पायांनी घरी येत होतो, गाणं अजून तोंडात होतं, आणि नाना, म्हणजे माझे थोरले दीर, दारातच उभे होते. त्यांच्या कानाला फोन होता आणि तोंडाचा रंग गेलेला. मला बघून म्हणाले, "गाडी पलटनी त्यानी. दवाखानामा शे." बस एवढंच. माझ्या कडेवर आमची तान्ही चिऊ होती, ती सासूबाईंनी काढून घेतली म्हणून वाचली, नाहीतर माझ्या हातून पडली असती. आणि खरं सांगते, देवासमोर काय लपवायचं, मला पहिलं रडू नाही आलं, मला राग आला. आदल्या रात्री मी माझ्या हातांनी नारळाला नथ घातली होती, माझी स्वतःची नथ, साडी नेसवली, रात्रभर गाणी म्हटली, पाया पडले की बाई, त्यांना नीट ठेव. आणि तू नदीत जाता जाता हे दिलंस मला?

आमचे हे शर्यतीत गाडी चालवतात. कार नाही, ट्रक. लोकांना खरं वाटत नाही, माझ्या माहेरीही वाटलं नव्हतं. गोल रस्ता असतो, त्यावर दहा-बारा ट्रक एकदम सुटतात, धूर निघतो, आणि जो पुढे तो जिंकला. हे आधी केळीच्या गाडीवर होते. मिसरूड फुटायच्या आधीपासून फैजपूरहून दिल्लीला केळी न्यायची, आधी क्लीनर म्हणून, मग स्वतः चालवायला लागले. केळी हिरवी भरतात पण ती काही थांबत नाही, रस्त्यातच पिकायला लागली तर माल गेला. म्हणून केळीची गाडी पळवावीच लागते, आणि पळवताना आदळली तर घडावर डाग पडतो. यांचं नाव त्याच्यासाठीच होतं, गाडी वेळेत आणि माल बिनडागाचा. मग एकदा ट्रक बनवणाऱ्या कंपनीचे लोक ड्रायव्हर निवडायला आले, शर्यतीसाठी, यांना घेऊन गेले, शिकवलं, आग न लागणारा सूट घातला, हेल्मेट घातलं. पहिल्या शर्यतीत सगळ्यात शेवटी आले. गावात हसले लोक. "केळीले डाग पडी म्हनीसन हळू चालाडी का?" असं नाना सगळ्यांदेखत म्हणाले होते. पुढच्या वर्षी तिसरे आले, त्याच्या पुढच्या वर्षी जिंकले, तेव्हापासून कायमचे त्यातच. चिऊ पोटात होती तेव्हा ते मेडल घेऊन आले आणि माझ्या पोटावर ठेवलं, गार गार लागलं.

पण मी कधी सुखाने एक शर्यत बघितली नाही. मोबाइलवर लागते, सगळे घरचे बघतात, मी दुसऱ्या खोलीत. शर्यतीच्या दिवशी उपास, मग देवीसमोर बसायचं, श्वास धरायचा, मनात म्हणायचं, हळू, हळू, वळण आलं, हळू. मला वाटायचं मी इथे बसून धरून ठेवलंय म्हणून ते तिकडे सुखरूप आहेत. मी जरा सैल सोडलं की काहीतरी होणार. असं माझं चालायचं. आणि यावेळी तर शर्यत नव्हतीच, दिल्लीजवळ नुसता सराव होता, म्हणून मी उपास धरला नव्हता. तेच मला रस्ताभर खात होतं.

आमच्याकडे कानबाईच्या रोटाला घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावाने सव्वा मूठ गहू मोजून घेतात. नाव घ्यायचं आणि मूठ टाकायची. ते गहू घरातच दळायचे आणि तो रोट, म्हणजे त्या पिठाच्या पुरणपोळ्या, घरच्यांनीच, भाऊबंदांनीच खायचा, बाहेरच्याला कणभर द्यायचा नाही. यांच्या नावाची मूठ घेतली होती, त्यांच्या वाटच्या पुरणाच्या पोळ्या बाजूला काढून ठेवल्या होत्या, सराव झाला की येणार होते. सासूबाईंनी त्या पोळ्या धुतलेल्या फडक्यात बांधल्या आणि माझ्या पिशवीत घातल्या. त्या बाईला मी कधी रडताना पाहिलं नाही, तेव्हाही नाही. म्हणाल्या, "त्याना तोंडमा घालजो. कसंबी कर."

नाना, मी आणि अंगावर पिणारी चिऊ निघालो, नरडाण्याहून जळगाव, जळगावहून दिल्लीकडची गाडी. मी भुसावळच्या पुढे आयुष्यात गेले नव्हते. शर्यतीवाल्यांचे फोन नानांकडे येत होते, दवाखान्याचं नाव त्यांनाच ठाऊक, आणि माझाही फोन त्यांनी खिशात ठेवलेला, त्यांचा बंद पडला तर म्हणून. सकाळी ग्वाल्हेर गेलं. त्याच्या पुढच्या एका स्टेशनावर चिऊ दुधासाठी इतकी रडायला लागली, मला तर भीतीने दूधच उतरत नव्हतं, म्हणून नाना खाली उतरले आणि गाडी सुटली. मी दाराशी जाऊन ओरडले, नाना पळत होते, हातात दुधाचा ग्लास, मग ते दिसायचे बंद झाले. आता शहाणी बाई काय करेल, बसून राहील. मी पुढच्या स्टेशनावर चिऊला घेऊन उतरून गेले. मला वाटलं नाना मागून येतील. तिथे कोणी नाही, नुसता फलाट. एका माणसाचा फोन मागितला, पण मला माझा स्वतःचाही नंबर पाठ नव्हता, एकच होता, यांचा, आणि तो बंद. तो माणूस म्हणाला हायवे जवळ आहे, तिथून दिल्लीची बस मिळेल. मी चालत सुटले.

हायवेवर एक ढाबा होता, पुढे ट्रक लागलेले. सगळी माणसं परकी, भाषा परकी, बाजल्यांवर बसलेले पुरुष मान वळवून बघायला लागले. मी एका कडूनिंबाखाली उभी राहिले. दिल्लीची बस मिळाली तरी दिल्लीत कुठे जाणार, दवाखान्याचं नावच माहीत नाही. तेव्हा माझा राग संपला. रागवायलासुद्धा अंगात बळ लागतं. मी डोळे मिटले आणि मनात म्हटलं, बाई, माझ्याच्याने होत नाही आता. मी धरून धरून थकले. तूच बघ.

डोळे उघडले तर समोर एका ट्रकचं मागचं अंग. ताडपत्री बांधलेली, ताडपत्रीच्या फटीतून केळीची हिरवी पानं बाहेर आलेली, आणि खाली नंबर, एम एच एकोणीस. आमची नाही, आमची अठरा, धुळ्याची. पण एकोणीस म्हणजे जळगाव, म्हणजे घरच. मी त्या पाटीला हात लावून रडायला लागले, मोठ्याने, आणि रडताना तोंडातून आपलीच बोली निघाली.

ट्रकच्या पुढून एक माणूस आला. वयाने यांच्यापेक्षा मोठा, कपाळाला रुमाल बांधलेला. म्हणाला, "काय व्हयनं, बहीन? कोन गावनी तू?"

मला सांगताही येईना. नरडाणा म्हटलं, ट्रक म्हटलं, शर्यत म्हटलं, गाडी पलटली म्हटलं. त्याच्या हातातला चहा तसाच राहिला.

"त्या रेसवाला? केळीवाला? तू त्यानी बायको?" मग तो ढाब्याकडे वळून ओरडला, "पहले दूध गरम कर दो भैया, बच्ची के लिए!" आणि मला म्हणाला, "रडू नको. आम्ही बठ्ठा केळीवाला त्यानी रेस देखतस. कालच आयकं मी. दवाखाना मले ठाऊक शे. बईस गाडीमा."

चिऊ दूध प्यायली आणि माझ्या मांडीवर झोपली. मी ट्रकमध्ये त्याच्या शेजारी बसले. परक्या माणसाबरोबर अशी मी कधी बसले नसते, पण त्या दिवशी भीती वाटली नाही त्याची. भीती रस्त्याची वाटत होती. समोर कोणी आडवं आलं की मी उजवा पाय जोरात खाली दाबायचे, गाडीच्या पत्र्यावर, ठक् असा आवाज व्हायचा. पुन्हा कोणी आलं की पुन्हा ठक्. त्याने दोन-तीनदा माझ्या पायाकडे बघितलं. मग हसला.

"बहीन, त्या बाजूले ब्रेक नही शे. कितला दाबशी?"

मी खाली बघितलं. खरंच, माझा पाय दुखायला लागला होता, पोटरीत गोळा आला होता.

"पाय ढिला सोड," तो म्हणाला. "गाडी मी चालाडी ऱ्हायनू ना."

मी पाय सोडला. लगेच नाही सुटला, पण सोडला. आणि काय झालं कोण जाणे, पायाबरोबर सगळंच सुटलं, खांदे, जबडा, छाती. कालपासून पहिल्यांदा नीट श्वास आला. आणि छातीत दूध उतरलं, पदर भिजला माझा. मी खिडकीकडे तोंड करून बसून राहिले.

मग तो म्हणाला, "पिशवीमा रोट शे का? वास उना मले." मी हो म्हटलं आणि पिशवी जवळ ओढली. त्याने सकाळपासून काही खाल्लेलं नव्हतं, मला दिसत होतं, माझ्यासाठी ढाब्यावरचं जेवण टाकून निघाला होता. आणि माझ्या पिशवीत होतं तेच नेमकं बाहेरच्याला द्यायचं नव्हतं. त्याला ते ठाऊक होतं. तोच म्हणाला, "मले देऊ नको हां. त्याना शे, त्याले दे." थोड्या वेळाने, रस्त्याकडे बघतच, "मना नावनी मूठ आते कोनी लेत नही. माय गयी, भाऊ येगळा व्हयनात. चोपड्याले घर शे, पन बंद."

शहराच्या तोंडाशी दिवसा ट्रक जाऊ देत नाहीत. त्याने गाडी कडेला लावली, माल उन्हात, आणि मला रिक्षात घालून स्वतः पुढे बसला. केळी पिकेल म्हटलं मी. म्हणाला, "पिकू दे." दवाखान्याच्या दारात शर्यतीवाल्यांचा पोशाख घातलेला एक माणूस दिसला, त्याच्या हाती मला सोपवलं, चिऊच्या डोक्यावर हात ठेवला, आणि गेला. मी नाव विचारलं नाही. मी नुसती आत पळाले.

यांना ऑपरेशनला नेत होते. छातीच्या बरगड्या आत घुसल्या होत्या. चाकांची खाट दाराशी आलेली, डोळे मिटलेले, नाकातोंडात नळ्या. मला कोणी जवळ जाऊ देईना. तेवढ्यात चिऊ उठली आणि असा भोकाड पसरला तिने की सगळा दवाखाना वळून बघायला लागला. यांच्या हाताची बोटं हलली. चादरीवर, अशी, गिअरवर हात ठेवल्यासारखी. मग दार बंद झालं.

नाना संध्याकाळी पोहोचले, दुधाचा ग्लास अजून हातातच. काचेचा होता, फलाटावरच्या चहावाल्याचा. "ग्लास परत देवाना ऱ्हाई गया," म्हणाले, आणि तिथेच खुर्चीवर बसून लहान मुलासारखे रडले. मी त्यांना कधी असं पाहिलं नव्हतं. मी बाकावर बसून होते आणि मला आठवतं, मी नवस बोलले नाही, हळू हळू म्हटलं नाही, श्वास धरला नाही. पाय ढिला सोडून बसले होते.

हे वाचले. डोळे उघडायला वेळ लागला, तोंडाने खायला त्याहून. डॉक्टर हो म्हणाले तेव्हा पोळ्या वाळून कडक झाल्या होत्या. एका तुकड्याचा कण दुधात कालवून मी त्यांच्या जिभेवर ठेवला. ओळखलं त्यांनी. मग एक दिवस म्हणाले, मी खाली खाली चाललो होतो, बरं वाटत होतं, आणि चिऊ रडली. तिला कोणी घेत का नाही, म्हणून राग आला मला.

मी त्यांना सगळं सांगितलं. त्यांनी केळीवाल्यांच्या मोबाइलच्या ग्रुपवर विचारलं, कोण होता भाऊ तो. कोणी म्हणालं नाही की मी. खूप जणांनी हात जोडलेले पाठवले, पण मी होतो असं कोणीच नाही. हे म्हणतात, कसा सांगेल, भरली गाडी वाटेत उभी करून गेला असं मालकाला कळलं तर? असेल तसंही. मी वाद घालत नाही. मी एवढंच सांगते की मी डोळे मिटले तेव्हा तो तिथे होता की नव्हता, ते मला ठाऊक नाही, आणि उघडले तेव्हा होता.

ते परत गाडीवर बसले. मी नको म्हटलं नाही. पहिल्या शर्यतीला मी पहिल्यांदा घरच्यांबरोबर बसून बघितलं, आणि वळण आलं तसा माझा पाय फरशीवर गच्च दाबला गेला. मी खाली बघितलं, मला हसू आलं, आणि मी पाय उचलून घेतला. भीती गेली असं म्हणणार नाही. पण आता मला समजतं की दाबून काही होत नाही, तिकडे ब्रेक नाही. चालवणारा चालवतो, आणि त्याच्यावर ती आहे. ते कितवे आले ते विसरले मी, घरी आले ते आठवतं.

मग श्रावण आला. कानबाईच्या रोटाचे गहू काढले, सासूबाई सुपाजवळ बसल्या, नावं घेत मुठी टाकत होत्या. माझ्या सासऱ्यांची, नानांची, नानांच्या मुलांची, यांची. हात झटकायला लागल्या तेव्हा मी म्हटलं, आई, अजून एक.

नाना म्हणाले, "नाव नही, गाव नही, कोनी मूठ ती?"

सासूबाईंनी माझ्याकडे बघितलं. मला वाटलं रागावतील, रीत मोडते म्हणून. त्यांनी गव्हात हात घातला, मूठ भरली, आणि नाव घ्यायला थांबल्या. मी म्हटलं, मला नाव माहीत नाही, आई, मी विचारलंच नाही.

त्यांनी मूठ तशीच वर धरली. मग कोपऱ्यात मांडलेल्या रिकाम्या चौरंगाकडे बघितलं, जिथे संध्याकाळी ती येऊन बसणार होती.

"तिले ठाऊक शे," म्हणाल्या, आणि मूठ सुपात सोडली.